‘सोडणे’ आणि ‘सुटणे’ : जपानी धनुर्विद्येचे पहिले पाठ

जपानमध्ये अल्पकाळ राहून तेथील एखादी युद्धकला शिकू पाहणाऱ्या परदेशी प्रवाशांची वर्णने आता विपुल झाली आहेत. ज्यूदो, केंदो, आइकिदो यांविषयी ती आहेतच. परंतु ‘क्यूदो’ म्हणजे धनुर्विद्या, हिच्या बाबतीत एक विशेष गोष्ट घडली. जपानबाहेरच्या जगाची या कलेविषयीची समजूत मुख्यतः एका नवशिक्या परदेशी माणसाच्या पुस्तकावर उभी आहे. हा माणूस म्हणजे जर्मन तत्त्वज्ञ ऑयगेन हेरिगेल. त्याच्या साक्षीतील कोणता भाग ग्राह्य मानावा व कोणता मानू नये, हा प्रश्न केवळ धनुर्विद्येपुरता नाही. परसंस्कृतीचा अभ्यास प्रवासातून करू इच्छिणाऱ्या प्रत्येकास तो लागू पडतो. तथापि त्याचा निर्णय करावयाचा तर नवशिक्याच्या हाती प्रत्यक्षात काय येते, हे आधी पाहिले पाहिजे. प्रस्तुत लेखकाने जपानमधील एका लहान शहराच्या सार्वजनिक दोजोत, म्हणजे अभ्यासगृहात, सहा आठवडे हे पाठ घेतले. त्या अनुभवाचा उपयोग येथे तांत्रिक बाबींच्या स्पष्टीकरणापुरता केला आहे. प्रावीण्याचा कोणताही दावा त्यामागे नाही.

जपानी धनुष्यास ‘युमी’ म्हणतात. प्रथमदर्शनी नजरेत भरते ती त्याची उंची. सामान्य युमी ७ शाकू ३ सुन, म्हणजे सुमारे २२१ सेंटिमीटर असते. धरणाऱ्याच्या डोक्यावर ते बरेच वर जाते. दुसरे वैशिष्ट्य असे की, मूठ धनुष्याच्या मध्यावर नसून खालून सुमारे एक-तृतीयांश अंतरावर असते. घोड्यावरून बाण मारताना धनुष्याचे खालचे टोक आड येऊ नये म्हणून हा आकार आला, असे स्पष्टीकरण प्रवाशास सर्रास ऐकावयास मिळते. ते पुरेसे नाही. तिसऱ्या शतकातील वेइ राज्याच्या चिनी इतिवृत्तात जपानच्या लोकांची लाकडी धनुष्ये खाली आखूड व वर लांब असतात अशी नोंद आहे. आणि अश्वारूढ धनुर्धर योद्ध्यांचा वर्ग उदयास येण्यास त्यानंतर कित्येक शतके लोटावी लागली. परंपरागत युमी बांबू व लाकूड यांच्या पट्ट्या एकमेकींस चिकटवून बनवितात. नवशिक्यास मात्र बहुधा फायबरग्लासचे धनुष्य देतात. ते हवामानाने बिघडत नाही, आणि चुकाही पुष्कळ सोसते.

याहून महत्त्वाचा भेद उजव्या हाताचा आहे. युरोपीय पद्धतीत दोरी तर्जनी, मध्यमा व अनामिका या बोटांनी ओढतात आणि बाण धनुष्याच्या डाव्या अंगास टेकवितात. जपानी पद्धतीत दोरी अंगठ्याने ओढली जाते आणि बाण उजव्या अंगास असतो. अंगठ्याने ओढण्याची ही रीत मंगोलिया, चीन, इराण, तुर्कस्तान अशी विस्तृत प्रदेशात होती. मोगल अमदानीतील धनुर्धरांच्या जेडच्या अंगठ्या आज संग्रहालयांत पाहावयास मिळतात, त्या याच कामाच्या. जपानात अंगठीऐवजी ‘युगाके’ नावाचा हरणाच्या कातड्याचा हातमोजा वापरतात. त्याचा अंगठा आतून लाकडाने अथवा शिंगाने ताठ केलेला असून त्याच्या मुळाशी दोरी अडकण्यासाठी एक खोबण असते.

हा हातमोजा चढविल्यावर मराठी वाचकास आदिपर्वातील एकलव्याची आठवण झाल्यावाचून राहणार नाही. द्रोणाचार्यांनी गुरुदक्षिणा म्हणून उजवा अंगठाच का मागितला? आपल्याकडील कॅलेंडरांवरील चित्रांत धनुर्धर दोन बोटांच्या चिमटीत दोरी धरलेले दाखवितात. त्या चित्रांवरून या मागणीचा पूर्ण अर्थ लागत नाही. महाभारत सांगते की, अंगठा दिल्यानंतर एकलव्य बोटांनी बाण मारू लागला, परंतु त्याची पूर्वीची चपळता राहिली नाही. ‘बोटांनी’ हा निराळा उल्लेख करावा लागला, यावरून कथाकारास अंगठ्याने ओढण्याची पद्धत परिचित असावी असे अनुमान निघते. अनुमानापलीकडे जाण्याचा आग्रह येथे नाही. परंतु हातमोज्याच्या त्या ताठ अंगठ्यावर सारा भार येतो, तेव्हा गुरूने नेमके काय मागितले होते ते हातास कळते.

पाठांचा क्रम प्रवाशाच्या अपेक्षेहून फार निराळा असतो. पर्यटकांसाठी चालविलेल्या एक-दोन तासांच्या वर्गांत पहिल्याच दिवशी जवळच्या लक्ष्यावर बाण मारू देतात. त्यात गैर काही नाही, मात्र त्यास शिक्षण म्हणता येणार नाही. सार्वजनिक दोजोत पहिल्या दिवशी धनुष्यही मिळाले नाही. प्रवेश करताना वंदन कसे करावे, गुडघे मोडून कसे बसावे व पाय बधिर झाले तरी कसे उठावे, हे झाल्यावर हाती आली ती ‘गोमुयुमी’, म्हणजे आखूड दांड्यास रबरी पट्टा बांधलेले सरावाचे साधन. त्यावर बाण मारण्याच्या आठ पायऱ्या पुन्हा पुन्हा गिरवून घेण्यात आल्या. या आठांना ‘हास्सेत्सु’ म्हणतात. पावले आपल्या बाणाच्या लांबीइतकी फाकून त्यांत सुमारे ६० अंशांचा कोन राखावयाचा; धड पायांवर सरळ बसवावयाचे; दोरी व मूठ पकडून लक्ष्याकडे दृष्टी न्यावयाची; धनुष्य डोक्यावर उचलावयाचे; आणि मग दोन्ही हात विरुद्ध दिशांस पसरीत ते खाली आणावयाचे. बाण गालाशी, ओठांच्या उंचीवर येतो व उजवा हात कानाच्याही मागे जातो. ही झाली पाचवी पायरी. उरलेल्या तीन पायऱ्यांची नावे काई, हानारे व झान्शिन. प्रस्तुत लेखाचा खरा विषय या तिघींत आहे, म्हणून त्यांकडे पुढे येऊ.

रबरानंतर खरे धनुष्य येते, पण बाण येत नाही. येथे एक नियम कडक आहे: बाण न लावता ताणलेली दोरी कधीही सोडावयाची नाही. बाणाने न्यावयाची शक्ती तशा वेळी धनुष्यातच राहते व ते मोडू शकते. त्यानंतर ‘माकिवारा’ म्हणजे घट्ट बांधलेली गवताची गुंडाळी. तिच्यासमोर धनुष्याच्या लांबीइतक्या अंतरावर उभे राहून बाण मारतात. इतक्या जवळून नेम चुकणे जवळजवळ अशक्य असते, आणि तोच तिचा उद्देश होय. नेमाची चिंता काढून घेतली की उरतात ते स्वतःचे दोष.

ते दोष पुष्कळ निघाले. डाव्या हाताने मूठ आवळून धरली की दोरी परत येताना बाहूच्या आतल्या बाजूवर चाबकासारखी बसते. पहिल्या पंधरवड्यात ते काळेनिळे वळ नवशिक्याची ओळख ठरतात. चष्मा लावणाऱ्याने व लांब केस असणाऱ्याने विशेष जपावे, कारण तीच दोरी कानशिलाजवळून जाते. तरबेज धनुर्धराच्या हातात बाण सुटताच धनुष्य मुठीत आपोआप फिरते व दोरी बाहूच्या बाहेरील बाजूस जाऊन थांबते. यास ‘युगाएरी’ म्हणतात. महाभारतातील वीरांच्या डाव्या हातास ‘गोधा’ नावाचे चामड्याचे संरक्षण असे. जपानी धनुर्धरास त्याची गरज पडत नाही, याचे एक कारण हे फिरणे होय. मात्र ते मुद्दाम फिरवू गेल्यास मूठ सैल पडते व बाण भरकटतो. जे व्हावयास हवे ते करू नये, अशी ही पहिली पेचाची जागा. हेरिगेलच्या वाचकास असे पेच गूढ वाटतात. वस्तुतः येथे गूढ काही नाही. बाण धनुष्याच्या उजव्या अंगास असल्याने तो सरळ जावा म्हणून मुठीत एक हलका पीळ द्यावा लागतो. पिळाचे प्रमाण साधले तर धनुष्य त्या पिळानेच फिरते.

आता लक्ष्य. नेहमीचे अंतर २८ मीटर व लक्ष्याचा व्यास ३६ सेंटिमीटर. लक्ष्य ‘अझुची’ नावाच्या रेतीच्या उतारात रोवलेले असते. गणित केले तर असे दिसते की, मध्यबिंदूवर रोखलेला बाण अर्ध्या अंशाने जरी चळला तरी २८ मीटरवर तो सुमारे २४ सेंटिमीटर दूर जातो, म्हणजे लक्ष्याबाहेर पडतो. एवढी सूक्ष्म अचूकता डोळ्याने राखता येत नाही. शरीराची ठेवण दर खेपेस तीच राहिली तरच ती राखली जाते. ‘सेइशा हिच्चू’, म्हणजे योग्य रीतीने मारलेला बाण लागणारच, हे दोजोतील प्रिय वचन या अर्थाने अक्षरशः खरे आहे. शिक्षक लक्ष्याकडे न पाहता शिष्याकडे पाहतात, त्याचेही कारण हेच.

परंतु यावरून जपानी धनुर्धरास लागलेल्या बाणांचे मोलच नाही असे समजू नये. क्योतोच्या सांजूसांगेन्दो मंदिराच्या सुमारे १२० मीटर लांबीच्या ओसरीत, छताला बाण न लावता एका टोकाकडून दुसऱ्या टोकास बाण पोचविण्याच्या स्पर्धा एदो काळात होत. १६८६ साली वासा दाइहाचिरो याने एका अहोरात्रात १३,०५३ बाण मारले व त्यांपैकी ८,१३३ यशस्वी झाले, असे नोंदले आहे. चोवीस तास अखंड मिनिटास नऊ बाण! या पराक्रमात ध्यानधारणेपेक्षा सरंजामी घराण्यांची चुरस अधिक होती. आजच्या शालेय व विद्यापीठीय स्पर्धांतही लागलेले बाणच मोजतात. लक्ष्यावर वर्तुळे असली तरी गुणांचे फरक नाहीत, लागला अथवा नाही एवढेच. ‘धनुष्याचे तंत्र’ या अर्थाचे ‘क्यूजुत्सु’ हे नाव मागे पडून ‘धनुष्याचा मार्ग’ या अर्थाचे ‘क्यूदो’ हे नाव रूढ झाले ते विसाव्या शतकात. युद्धातील पराभवानंतर काही काळ युद्धकलांवर बंधने आली. १९४९ साली अखिल जपान क्यूदो महासंघ स्थापन झाला आणि १९५३ च्या सुमारास त्याने एकसूत्री पाठ्यपुस्तक काढले. प्रवाशास आज ज्या आठ पायऱ्या शिकवितात त्या या प्रमाणीकरणातून आलेल्या आहेत. त्या प्राचीन काळापासून जशाच्या तशा चालत आल्या, असे मानणे चूक होईल.

हेरिगेल १९२४ साली सेंदाइ येथील तोहोकू इम्पीरियल विद्यापीठात तत्त्वज्ञान शिकविण्यास आला आणि १९२९ पर्यंत तेथे राहिला. युरोपीय गूढवादाची त्यास आधीपासून ओढ होती आणि झेनचा परिचय व्हावा या हेतूनेच त्याने एखादी जपानी कला शिकण्याचे ठरविले. बंदूक व पिस्तूल चालविण्याचा सराव असल्यामुळे धनुर्विद्या आपणास सोपी जाईल, असा त्याचा समज होता. गुरू लाभले ते आवा केन्झो (१८८०–१९३९). हे असामान्य धनुर्धर होते, परंतु सर्वसामान्य प्रतिनिधी नव्हते. १९२७ साली त्यांनी बाण मारण्यास जवळजवळ धर्माचे रूप देणारा ‘दाइशादोक्यो’ हा स्वतंत्र पंथच काढला. गुरुशिष्यांमध्ये दुभाष्याचे काम कोमाचिया सोझो या कायद्याच्या प्राध्यापकाने केले. हेरिगेलने १९३६ साली बर्लिनमध्ये या विषयावर व्याख्यान दिले व १९४८ साली पुस्तक प्रसिद्ध केले. १९५३ च्या इंग्रजी भाषांतरास सुझुकी दाइसेत्सूंची प्रस्तावना लाभली. पुढे ते जपानीतही उतरले, आणि काही जपान्यांनी आपल्याच कलेचा अर्थ त्यातून शिकून घेतला.

पुस्तकाचा कळस दोन प्रसंगांत आहे. एकात गुरू अंधारात दोन बाण मारतात आणि दुसरा बाण पहिल्याच्या मागील खाचेत घुसून त्यास चिरतो. दुसऱ्यात, कित्येक वर्षांच्या प्रयत्नांनंतर शिष्याचा एक बाण योग्य रीतीने सुटतो, आणि गुरू वाकून म्हणतात की आता ‘ते’ मारले गेले. मारणारा मी नव्हे. कोणी एक ‘ते’ मारते. जर्मनमध्ये हे सर्वनाम ‘एस’. या अक्षरांवर पुष्कळ तत्त्वज्ञान उभारले गेले.

जपानी संशोधक यामादा शोजी हे स्वतः धनुर्धर आहेत. २००१ साली इंग्रजीत प्रसिद्ध झालेल्या निबंधात त्यांनी या पुस्तकाची छाननी केली. हेरिगेल जवळजवळ सहा वर्षांच्या अभ्यासाचा उल्लेख करतो, परंतु त्याचा जपानमधील मुक्कामच तेवढा नव्हता. यामादांच्या हिशेबाने अभ्यास सुमारे तीन वर्षांचा भरतो. आवांनी झेनची रीतसर साधना केल्याचा पुरावा त्यांना आढळला नाही. गुरूंची वचने दुर्बोध असल्याने आपण त्यांचे मुक्त भाषांतर करीत असू, अशी कबुली कोमाचियांनी नंतर लिहून ठेवली आहे. अंधारातील त्या रात्री तर दुभाष्याच हजर नव्हता, आणि हेरिगेलचे जपानी यथातथाच होते. त्या घटनेविषयी कोमाचियांनी पुढे विचारले असता तो केवळ योगायोग होता, असे खुद्द आवांनीच सांगितले. आपला बाण असा चिरला जाणे धनुर्धरास भूषणावह वाटत नाही, हीही गोष्ट येथे ध्यानात घ्यावी. चांगला बाण फुकट जातो. ‘एस’विषयी यामादांचा तर्क असा की, गुरू ‘सोरे देशिता’, म्हणजे ‘तेच, असेच हवे होते’, एवढेच म्हणाले असतील. भाषांतरात त्या ‘ते’चा कर्ता झाला.

हा तर्क मान्य करण्यासारखा आहे. त्यास एक भर घालावीशी वाटते, आणि ती मराठी भाषकास सहज सुचणारी आहे. सातव्या पायरीचे नाव ‘हानारे’. जपानीत ‘हानासु’ हे सकर्मक क्रियापद आहे व ‘हानारेरु’ हे अकर्मक. आपल्याकडे जसे ‘सोडणे’ व ‘सुटणे’. पायरीचे नाव दुसऱ्यापासून आलेले आहे. म्हणजे बाण सोडावयाचा नाही, तो सुटला पाहिजे. जर्मनमध्ये हे सांगताना क्रियेस काहीतरी कर्ता द्यावा लागतो. मराठीत ‘बाण सुटला’ असे लहान मूलही म्हणते आणि तो कोणी सोडला याची पृच्छा कोणी करीत नाही.

आणि हे ‘सुटणे’ हाताच्या पातळीवर तपासून पाहता येते. पूर्ण ताणलेल्या अवस्थेस ‘काई’, म्हणजे भेट, म्हणतात. त्यानंतर येणारी हानारे म्हणजे ताटातूट. भेट झाली की वियोग अटळ, या बौद्ध विचाराची छाया या नावांवर आहे असे जपानी धनुर्धर सांगतात. तेव्हा कलेत धर्मविचार मुळीच नाही असे म्हणणेही अतिरेकाचे होईल. पण हातात काय घडते? दोरी हातमोज्याच्या खोबणीत अडकलेली असते व ताठ अंगठ्यावर बोटे टेकलेली असतात. बोटे उघडून दोरी सोडली तर उजवे मनगट हिसका खाते आणि तो हिसका अर्ध्या अंशाहून कितीतरी मोठा असतो. त्याऐवजी दोन्ही बाहू विरुद्ध दिशांस ताणतच राहिले, तर एका क्षणी अंगठा बोटांखालून निसटतो व दोरी जाते. कोणत्या क्षणी, हे आधी ठरविता येत नाही. हेरिगेलने बोटांचा दाब हळूहळू कमी करण्याची युक्ती शोधली, ती गुरूंनी तत्काळ ओळखली व त्यास शिकविण्याचे नाकारले. हा प्रसंग वाचताना त्याच्या हाताविषयी तो पूर्ण सत्य सांगत आहे, यात शंका राहत नाही. मोज्यातील नेमक्या त्याच अडचणीपाशी प्रत्येक नवशिक्या येऊन थांबतो. साक्ष डळमळीत होते ती हाताचे वर्णन संपून ऐकलेल्या वाक्याचा अर्थ सुरू होतो तेथे.

प्रस्तुत लेखकाच्या टिपणवहीत दुसऱ्या आठवड्याच्या नोंदीत एक वाक्य आहे: “गुरुजी म्हणाले, मन सैल सोडा.” दोजोतील एक इंग्रजी जाणणारा विद्यार्थी त्या दिवशी भाषांतर करीत होता. ते वाक्य वहीत ठळक करून ठेवले होते, आणि परत आल्यावर त्यावर एखादे प्रकरण लिहावयाचा बेतही होता. पाचव्या आठवड्यापर्यंत शरीराच्या अवयवांची जपानी नावे कानांस ओळखीची झाली, तेव्हा ध्यानात आले की सत्तरी उलटलेले ते गृहस्थ रोज म्हणत होते ते ‘काता नो चिकारा ओ नुइते’. म्हणजे ‘खांद्यातला जोर काढा’. विद्यार्थ्याने त्याचे इंग्रजीत ‘शिथिल व्हा’ केले, आणि आम्ही त्याचे मराठीत मन केले. दोन पायऱ्यांत खांद्याचे मन झाले. दोष विद्यार्थ्याचा नव्हता. मन ऐकावयाचे, अशी तयारी करूनच आम्ही गेलो होतो.

गंमत अशी की, जपानी भाषाही येथे अगदी निर्दोष नाही. आठव्या पायरीचे नाव झान्शिन, म्हणजे बाण गेल्यावर तसेच पसरलेल्या हातांनी क्षणभर स्थिर राहणे. यातील ‘शिन’ दोन रीतींनी लिहितात: एका अक्षराचा अर्थ मन, दुसऱ्याचा शरीर. उच्चार तोच. पाठ्यपुस्तकात दोन्ही लेखने येतात. उरलेले मन की उरलेले शरीर, हे कानांनी ऐकणाऱ्या प्रवाशास कळणे शक्य नाही. विचारावे लागते, आणि उत्तर देणारा बहुधा ‘दोन्ही’ म्हणतो.

यासाठी अशा पाठांचे टिपण ठेवताना तीन गोष्टी वेगळ्या रकान्यांत लिहाव्यात असे वाटते. शिक्षकांनी कोणत्या अवयवास हात लावला. त्या वेळी त्यांनी उच्चारलेला शब्द, अर्थ न कळला तरी जसा ऐकू आला तसा. आणि भाषांतर कोणी काय केले. पहिला रकाना नवशिक्याही बिनचूक भरू शकतो. किंबहुना तोच भरू शकतो, कारण तरबेज माणसास त्या गोष्टी दिसेनाशा झालेल्या असतात. महिन्याहून कमी राहणाऱ्याने दूरच्या लक्ष्याची आशा धरू नये. हलके, सुमारे दहा किलो ओढीचे धनुष्य मागावे आणि माकिवारासमोर समाधान मानावे. अनेक शहरांत सार्वजनिक दोजो असतात व नवशिक्यांचे वर्गही भरतात. मात्र ते ठरावीक काळी असतात, म्हणून आधी चौकशी करावी.

सहाव्या आठवड्यात प्रस्तुत लेखकास २८ मीटरवरून चार बाण मारण्याची परवानगी मिळाली. पहिले दोन लक्ष्याच्या डावीकडे रेतीत रुतले. तिसरा आधीच जमिनीवर पडून घसरत लक्ष्यात शिरला. असा बाण लागला असे धरीत नाहीत. चौथा कोठे गेला ते पाहण्याआधीच शिक्षक जवळ आले, त्यांनी उजव्या खांद्यावर दोन बोटे ठेवली आणि “हायाइ” एवढेच म्हटले. हायाइ म्हणजे ‘लवकर’. पूर्ण ताणल्यावर थांबणे न जमता बाण आधीच जाऊ देणे हा धनुर्धरांचा प्रसिद्ध दोष असून तो वर्षानुवर्षे छळतो. पहिल्या रकान्यात ‘उजवा खांदा’ लिहिले, दुसऱ्यात ‘हायाइ’. तिसरा रिकामा ठेवला, आणि बाण आणावयास रेतीकडे गेलो.